झाडाखालचे कार्पेट ग्रास का बिघडते? या चुका टाळा

कोल्हापुरातील जुन्या बंगल्यांच्या आवारात आंबा, फणस किंवा जांभळाखाली हरळी टिकत नाही, कारण तिला दिवसभराचे ऊन हवे असते. अशा जागी कार्पेट ग्रास हा उत्तम पर्याय आहे. अ‍ॅक्सोनोपस कॉम्प्रेसस हे त्याचे शास्त्रीय नाव असून ते मूळचे उष्ण कटिबंधीय अमेरिकेतील आहे. त्याची चपटी खोडे जमिनीलगत धावतात, पेऱ्यापेऱ्यावर मुळे धरतात आणि वर्षभरात मोकळी जमीन झाकून टाकतात. मात्र हरळीला मानवणारी निगा या गवताला घातक ठरते, आणि माझ्या पाहण्यातील बहुतेक बिघाड याच एका गैरसमजातून झालेले आहेत.

पहिली चूक खरेदीच्या वेळीच होते. नर्सरीत ‘कार्पेट’ हा शब्द कोणत्याही तयार लॉनच्या तुकड्याला लावला जातो, त्यामुळे अरुंद, टोचऱ्या पानांचे उन्हातले गवत घरी येते आणि सावलीत ते हळूहळू विरळ होत जाते. खऱ्या कार्पेट ग्रासचे पान साधारण बोटाच्या निम्म्या रुंदीचे, मऊ आणि टोकाशी बोथट असते. खोड चिमटीत फिरवून पाहिले तर ते गोल न लागता चपटे लागते.

सर्वांत महागात पडणारी चूक मातीची आहे, म्हणून तिच्याबद्दल थोडे विस्ताराने लिहितो. जिल्ह्याच्या पश्चिमेला, राधानगरी, शाहूवाडी आणि गगनबावड्याकडे, माती तांबडी व आम्लधर्मी आहे, तर पूर्वेला शिरोळच्या बाजूला खोल काळी माती आढळते. ‘काळी माती कसदार’ हा आपल्याकडचा समज उसासाठी खरा असला, तरी कार्पेट ग्रासला हलकी, ओल धरणारी आणि किंचित आम्ल माती लागते. चुनखडीयुक्त काळ्या मातीत लोह असूनही मुळांना ते घेता येत नाही. मग कोवळी पाने पिवळी पडतात आणि त्यांच्या शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. हे लक्षण दिसताच युरिया टाकणे ही दुसरी चूक होय, कारण नत्राची कमतरता असेल तर आधी जुनी, खालची पाने पिवळी पडतात. कोवळी पाने पिवळी असतील तर एक लिटर पाण्यात ५ ग्रॅम हिराकस (लोहयुक्त फेरस सल्फेट) विरघळवून संध्याकाळी फवारावे. शहाबादी फरशीवर मात्र ते पडू देऊ नये, तिच्यावर गंजाचे डाग पडतात. हा उपाय तात्पुरता आहे. कायमचा इलाज म्हणजे लागवडीपूर्वीच तांबडी माती आणि चांगले कुजलेले शेणखत मिसळणे. साखर कारखान्याची ताजी मळी (उसाचा रस गाळल्यावर उरणारा गाळ) स्वस्त मिळते म्हणून तीच पसरण्याचा मोह होतो, परंतु न कुजलेली मळी तापते आणि कोवळी मुळे भाजते.

मातीची भर घालताना झाडाचाही विचार करावा. बुंध्याभोवती वीतभर माती चढवली की झाडाच्या पृष्ठभागालगतच्या मुळांची हवा तुटते, आणि गवतासाठी आंबा गमावण्याची वेळ येते. दोन बोटांपेक्षा जास्त थर देऊ नये, आणि बुंध्याजवळची हातभर जागा मोकळी ठेवावी.

सावलीतल्या जमिनीत ओल टिकते असे आपण गृहीत धरतो, पण मोठ्या झाडाखाली बहुधा उलटे घडते. वळवाच्या हलक्या सरी पानांवरच अडतात आणि जमिनीतले पाणी झाडाची मुळे ओढून घेतात. कार्पेट ग्रासची मुळे उथळ असतात. हरळीप्रमाणे खोलवरच्या खोडातून पुन्हा उभारी धरण्याची ताकद त्याच्यात नाही. त्यामुळे मार्च ते मे या काळात रोजच्या शिंपडीऐवजी दोन-तीन दिवसांआड सकाळी भरपूर पाणी द्यावे. संध्याकाळी दिलेले पाणी पानांवर रात्रभर राहते आणि बुरशीला वाव मिळतो.

कापणी फार खाली केली तरी गवत खचते. सावलीत अन्न तयार करायला पानच कमी पडते, म्हणून उंची ४ ते ५ सेंटीमीटर ठेवावी आणि एका वेळी एक तृतीयांशापेक्षा जास्त कापू नये. पावसाळ्यात बोटांसारखे दोन-तीन फाट्यांचे तुरे वर येतात, तेवढ्यापुरती कापणी वाढवावी. आंब्याची गळलेली पाने दर आठवड्याला झाडून काढावीत, कारण त्यांच्या थराखाली गवत गुदमरते. डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत पाने निस्तेज व किंचित तांबूस होतात. गवत मेले असे समजून ते उकरू नये.

लागवडीला जूनमधला पहिला चांगला पाऊस झाल्यानंतरचा काळ योग्य. दोन-तीन पेऱ्यांचे तुकडे वीतभर अंतराने, निदान एक पेर मातीत जाईल असे लावावेत. जुलैच्या झडीत पाणी साचणाऱ्या खोलगट जागा आधीच भरून घ्याव्यात, नाहीतर नवे तुकडे कुजतात. जेथे दुपारीही जमिनीवर उन्हाचा एक कवडसा पडत नाही, तेथे हे गवतही तग धरणार नाही. पावसाळ्यापूर्वी खालच्या फांद्या विरळ कराव्यात. फुलझाडांच्या वाफ्यालगत मात्र वीतभर खोल विटांची कड उभी करावी आणि ती ओलांडणारी खोडे महिन्यातून एकदा कापावीत, अन्यथा पुढच्या पावसाळ्यात शेवंतीच्या बुडख्यात शिरलेले हे गवत उपटताना शेवंतीही हाती येते.