निःशब्द अॅनिमेशनपटात ओढ दाखवताना या चुका टाळा

चांगल्या आयुष्याची ओढ शब्दांविना दाखवायची, तर सगळ्यात आधी फसते ती पात्राची इच्छा. पात्र दुःखी आहे हे कळतं, पण त्याला नेमकं काय हवंय ते कळत नाही. ‘चांगलं आयुष्य’ काढता येत नाही, वस्तू काढता येते. इस्त्रीवाल्याची मुलगी दुसऱ्यांच्या गणवेशांच्या घड्या घालताना एक बाही स्वतःच्या हाताला लावून बघते. शाळेची ओढ तेवढ्यात पोचते. ही वस्तू पहिल्या अर्ध्या मिनिटात दिसलीच पाहिजे.

अॅनिमॅटिक, म्हणजे स्टोरीबोर्डची कच्ची चित्रं वेळेनुसार लावून केलेली फिल्म, झाला की आवाज बंद करून तो गोष्ट माहीत नसलेल्या दोघातिघांना दाखवा आणि विचारा, हिला काय हवंय? ‘ती उदास आहे’ असं उत्तर आलं तर स्टोरीबोर्ड बदला. सेकंदाला 24 फ्रेम आणि एक चित्र दोन फ्रेम धरलं, तरी तीन मिनिटांना 2160 चित्रं होतात. एवढं काढून झाल्यावर दुरुस्ती परवडत नाही.

दुसरी चूक घाईची. ओढ दिसते ती हात थबकतो तिथे. आधी नजर बाहीकडे वळू द्या, डोकं तीन-चार फ्रेमनंतर. हात बाहीपाशी आठ-दहा फ्रेम थांबवा. बाही लावल्यावर निदान 36 फ्रेम धरा. पण एकच चित्र ताणू नका, फिल्म अडकल्यासारखी वाटते. तीच मुद्रा तीनदा गिरवून ती चित्रं आलटून पालटून लावा, खांदे श्वासाने किंचित हलू द्या.

अश्रूंचा क्लोजअप बहुतेक वेळा नकोच असतो. निर्विकार चेहऱ्यानंतर काय दिसतं त्यावरून प्रेक्षक भाव ठरवतो, हे सोव्हिएत दिग्दर्शक लेव्ह कुलेशोव्ह यांच्या प्रयोगामुळे प्रसिद्ध झालं. चेहरा, बाही, पुन्हा तोच चेहरा: एवढं पुरतं.

आजचं जग राखाडी आणि स्वप्न सोनेरी, असं सरसकट करू नका. घरात प्रेमही असतं. कोळशाच्या इस्त्रीतली लाली आजच्या दृश्यांत ठेवा आणि तीच स्वप्नातही वापरा.

संगीत शेवटी घाला. आधी इस्त्रीची आदळआपट, पाण्याचा शिपका, चर्र आवाज. बाहीच्या क्षणी हे सगळं थांबवून फक्त लांबची शाळेची घंटा ऐकवा.

आणि ‘शाळा’ अशी पाटी रंगवू नका. तोही शब्दच, आणि मराठी न वाचणाऱ्याला तो कळणार नाही. दप्तरं घेऊन रांगेत जाणारी मुलं दाखवा.