पहिली माउंटन बाइक घेताना दुकानात काय तपासाल?

दुकानदार आधी गिअर मोजून दाखवतो: २१, २४. त्या आकड्याला भुलू नका. पुढे ३ दातेरी चकत्या, मागे ७, म्हणून २१. त्यातले कित्येक गिअर चालवताना एकसारखेच लागतात.

आधी ठरवा, चालवणार कुठे. रोज पुण्यातल्या कर्वे रस्त्यानं ऑफिस गाठायचं असेल तर हायब्रिड, म्हणजे डांबरी रस्त्यावर हलकी चालणारी सायकल घ्या, कमी दमाल. तळजाई, वेताळ टेकडीवरच्या सुट्या मुरमात जायचं असेल तरच माउंटन बाइक. मागेही शॉक (धक्के झेलणारा भाग) असलेली स्वस्त सायकल मात्र नकोच. वजन वाढतं आणि सांधे लवकर खिळखिळे होतात. फक्त पुढे शॉक आणि ॲल्युमिनियमची फ्रेम पुरे.

सायकल दोन पायांत घेऊन उभे राहा. तळवे जमिनीवर पूर्ण टेकून दांडीच्या वर दोनेक इंच जागा उरली पाहिजे. मोठी सायकल सवलतीत मिळतेय म्हणून घेऊ नका, उतारावर ती सावरत नाही.

आता पुढचा ब्रेक दाबून हँडलवर भार द्या. शॉक सहज दबून सावकाश वर यायला हवा. स्प्रिंगसारखा ताडकन उसळत असेल तर दगडांवरून उतरताना पुढचं चाक तसंच उडेल.

यानंतरची तपासणी सहसा कुणी करत नाही. मागचं चाक धरा, दातेरी चकत्या उलट्या फिरवा आणि ॲक्सलभोवतीच्या (चाकाच्या आसाभोवतीच्या) खाचांच्या रिंगकडे बघा. मागच्या चकत्या चाकावर दोन प्रकारे बसवतात. रिंग चकत्यांबरोबर फिरली तर कॅसेट, जागीच राहिली तर फ्रीव्हील. फ्रीव्हील हबवर, म्हणजे चाकाच्या मधल्या भागावर, आट्यांनी बसतं, बेअरिंग आत राहतं आणि चेनच्या बाजूला ॲक्सलचा बराच भाग बिनआधाराचा उरतो. कॅसेटच्या हबमध्ये बेअरिंग पार कडेला असतं. माझ्या पहिल्या सायकलला फ्रीव्हील होतं. तिचा ॲक्सल तळजाईच्या उतारावर वाकला आणि चाक फ्रेमला घासायला लागलं. ती सायकल मी खांद्यावर घेऊन खाली आणली. म्हणून सांगतो, दोन-तीन हजार जास्त गेले तरी चालतील, कॅसेटवालीच घ्या.

डिस्क ब्रेक केबलचे चालतील, पण हायड्रॉलिक (तेलाच्या दाबावर चालणारे) परवडत असतील तर सोडू नका. लांब उतारावर एका बोटानं ब्रेक लागतो, मनगटं भरून येत नाहीत.

डिरेलर, म्हणजे चेन एका चकतीवरून दुसरीवर नेणारा भाग, सगळ्यात शेवटी बघा. शिमानो कंपनीच्या डिरेलरमध्ये चढत्या क्रमानं टुर्नी, आल्टस, असेरा, अलिव्हिओ, डिओरे. पण मागचा डिरेलर डोळ्यांत भरतो, म्हणून सायकल कंपन्या तेवढाच वरच्या दर्जाचा लावतात आणि हब, क्रँक (पेडलचा दांडा), शॉकमध्ये पैसे वाचवतात. डिओरेचं नाव वाचून भुललात तर फसलात. आल्टस आणि चांगला शॉक ही जोडी मला कितीतरी पसंत आहे.

घेतल्यावर महिन्याभरात सायकल पुन्हा दुकानात न्या. नव्या केबल सैल पडतात, आरेही ढिले होतात. गिअर जुळवून, आरे ताणून घ्या आणि मगच टेकडीच्या उतारावर घाला.