गोष्टींनी वास्तव वाकतं अशी विज्ञानकथा लिहिताय? या चुका टाळा

गोष्ट हेही एक बल आहे, पुरेशा माणसांनी ती सांगितली की वास्तव तिच्या बाजूला झुकतं, आणि त्या झुकण्याचा अभ्यास करणारं एक शास्त्र आहे: ही कल्पना नव्या विज्ञानकथालेखकांना फार आवडते. कल्पना झकासच आहे. पण यातल्या बऱ्याच कथा तिसऱ्या पानावर धापा टाकू लागतात. कारणं ठरलेली असतात.

बलाला मर्यादाच नसणं

सगळ्यात मोठी चूक ही. गोष्ट सांगितली आणि धरण फुटलं, गोष्ट सांगितली आणि मेलेला उठला. मग नायक अडणार कुठे? याला शास्त्र म्हणता येत नाही, ही नुसती जादूची कांडी झाली.

नियम कसा बांधायचा हे शिकायला आपल्या श्रावणातल्या कहाण्या काढा. सोमवारची खुलभर दुधाची कहाणी बघा. राजाला महादेवाचा गाभारा दुधाने भरायचा आहे. दवंडी पिटते, गावातलं सगळं दूध देवळात येतं. वासरांना नाही, पोरांना नाही. गाभारा भरत नाही. दुपारी एक म्हातारी घरातलं कामकाज आवरते, लेकरासुनांना जेवू घालते, वासरांना चारा घालते आणि उरलेलं खुलभर दूध घेऊन येते. गाभारा भरतो. पुढचा भाग विज्ञानकथालेखकाने अधोरेखित करावा असा आहे. दुसऱ्या सोमवारी राजा शिपाई बसवतो, उलगडा होत नाही. तिसऱ्या सोमवारी स्वतः बसतो, म्हातारीचा हात धरतो, अभय देऊन कारण विचारतो. चौथ्या सोमवारी तिने सांगितल्याप्रमाणे, कुणाला उपाशी न ठेवता, स्वतः करून बघतो आणि गाभारा भरतो. निरीक्षण, पहारा, गृहीतक, पडताळा. शिवाय नियम असा की दुधाचं माप मोजलंच जात नाही, ते कुणाच्या तोंडचं काढलंय हे मोजलं जातं. तुमच्या बलालाही असा एक आडमुठा नियम द्या: ते काय करू शकत नाही, हे आधी एका ओळीत लिहून भिंतीवर चिकटवा.

माणसांच्या वागण्याला बल समजणं

समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन यांनी 1948 साली मांडलेलं उदाहरण प्रसिद्ध आहे. बँक ठणठणीत आहे, पण ती बुडणार अशी आवई उठते. ठेवीदार रांगा लावून पैसे काढतात आणि बँक खरंच बुडते. अफवा खोटी होती, तिनेच स्वतःला खरं केलं. पण इथे भौतिकशास्त्राचा एकही नियम वाकलेला नाही. तुमच्या कथेतली घटना एवढ्यावरच उलगडत असेल, तर काल्पनिक शास्त्राची गरजच उरत नाही. ती चांगली सामाजिक कथा होईल, तशी लिहा.

फरक दाखवायचा कसा? 21 सप्टेंबर 1995 आठवा. गणपती दूध पितो ही बातमी एका दिवसात देशभर आणि देशाबाहेरही पोचली, देवळांपुढे रांगा लागल्या. शास्त्रज्ञांनी दुधात रंग मिसळून ते मूर्तीला पाजलं. पृष्ठताणामुळे चमच्यातलं दूध ओढलं जातं आणि पातळ थराने मूर्तीवरून ओघळतं, हे रंगामुळे उघड दिसलं. तुमच्या कथेतही हीच रंगीत दुधाची चाचणी होऊ द्या. फक्त तिथे मूर्ती कोरडी निघायला हवी, खाली थेंब सापडता कामा नये. तो एक प्रसंग नीट लिहिला की वाचक पुढची दहा पानं तुमच्या मागे येतो.

शास्त्रज्ञाला कोरडं ठेवणं

सगळं जग गोष्टींनी वाकतंय आणि संशोधिका मात्र वही घेऊन बाजूला उभी! हे चालणार नाही. सत्यनारायणाच्या कथेत कलावती प्रसाद टाकून धावते आणि नवरा नौकेसकट दिसेनासा होतो. हे ऐकलेल्या मांडवातून प्रसाद न घेता उठायची कुणाची छाती होत नाही. नोंदी घ्यायला आलेला नास्तिकही शिरा घेऊनच जातो. तुमच्या संशोधिकेचा अहवालही शेवटी एक गोष्टच आहे: शंका, अडथळा, शोध. तिचे निष्कर्ष फार सुबक जुळायला लागले की तिला घाम फुटला पाहिजे. निदान मोजमाप घेणाऱ्याला गोष्ट ठाऊक नसावी, एवढी काळजी तिने घ्यावीच.

किरकोळ चुका पटकन सांगतो. एकाच गोष्टीची चार घरी चार रूपं असतात, त्यातलं कोणतं रूप ओढतंय ते ठरवा. दोन रूपं एकमेकांविरुद्ध ओढत असतील तर तुम्हाला फुकटात कथानक मिळालं. ‘कथाऊर्जा-स्पंदन-मापक’ छापाची यंत्रं मात्र काढून टाका. त्यापेक्षा वजनकाटा द्या आणि तो चुकीचा आकडा दाखवू दे.

शेवट अडला असेल तर

नायिका आणखी सुंदर गोष्ट सांगते आणि जग सावरतं, हा शेवट संपादकांच्या टेबलावर ढिगाने पडलेला असतो. तो खोटा वाटतो, कारण त्यात कुणाचं काही जात नाही. कहाणीत सुफळ संपूर्ण म्हणायच्या आधी कुणीतरी वसा पाळलेला असतो, उतलेलं-मातलेलं असेल तर फेडलेलं असतं. म्हणून शेवटाकडून मागे या. शेवटची गोष्ट सांगण्यासाठी नायिकेला कोणती जुनी गोष्ट कायमची सोडावी लागते, ते ठरवा आणि ती सोडलेली गोष्ट पहिल्या चार पानांत कुठेतरी तिच्या तोंडी घाला.