कासवावर डॉक्युमेंटरी कशी करायची (आणि आधी कोणाला दाखवायची)

समुद्र वाचवायला फिल्म करायची म्हटलं की लोक आधी ड्रोन भाड्याने कुठे मिळतो ते बघतात. ते राहू द्या. आधी एका ओळीत लिहा, ही फिल्म बघून नक्की कोणी काय करायचं. वन्यजीवांवर फिल्म करणाऱ्या माईक पांडेंनी गुजरातच्या किनाऱ्यावरची व्हेल शार्कची शिकार शूट केली, २००० साली 'शोअर्स ऑफ सायलेन्स' आली आणि २००१ मध्ये व्हेल शार्कला वन्यजीव कायद्याचं संरक्षण मिळालं. तिथे सरकारला हलवायचं होतं. कोकणात ऑलिव्ह रिडले या समुद्री कासवावर फिल्म करताना माझी ओळ असेल, 'तांडेलाने (म्हणजे होडीच्या कप्तानाने) जाळं कापून कासव सोडावं'. बस्स.

आता सीझन. वेळास, आंजर्ले या बाजूला माद्या साधारण हिवाळ्यात अंडी घालतात, एका घरट्यात शंभराच्या आसपास, आणि पिल्लं यायला दीड-दोन महिने लागतात, म्हणजे एका वीकेंडमध्ये सगळं मिळणार नाही, दोन-तीन चकरा धराच. पहिल्या चकरेत कॅमेरा बॅगेतच ठेवा आणि कासवमित्रांबरोबर, म्हणजे घरटी राखणाऱ्या गावातल्या लोकांबरोबर, पहाटे किनारा चाला, घरटं कसं ओळखतात ते बघा.

वनविभागाची परवानगी आधीच काढा, हा प्राणी वन्यजीव कायद्याच्या शेड्यूल एकमध्ये, म्हणजे सगळ्यात कडक संरक्षणाच्या यादीत आहे. रात्री फ्लॅश, एलईडी काहीही नको, पिल्लं उजेडाच्या दिशेने जातात, तुमच्या लाइटमुळे समुद्राऐवजी उलटीकडेच निघतील. कासवमित्र पिल्लं सकाळ-संध्याकाळ समुद्रात सोडतात तेव्हाच शूट करा, तसाही उजेड तेव्हा मस्त असतो.

आवाजात मात्र भलेभले फसतात. समुद्रावर वारा इतका की घरी येऊन ऐकलं तर नुसतं घरघर. माइकला केसाळ कव्हर घाला, कॉलर माइक शर्टाच्या आत लावा, आणि मुलाखत होडीच्या आडोशाला घ्या. माणसाला खुर्चीत बसवून 'पर्यावरणाबद्दल काय वाटतं' विचारू नका हो! जाळं शिवता शिवता बोलू द्या, कासव अडकलं की जाळ्याचं किती नुकसान होतं ते तोच सांगेल, आणि ते फिल्ममध्ये ठेवाच, नाहीतर गावात कोण ऐकणार तुमचं?

खरा सीन बहुतेक तुमच्याकडे नसेलच, तो खलाशाच्या मोबाइलमध्ये असेल. महाराष्ट्रात २०१८ पासून जाळं कापून संरक्षित प्राणी सोडला तर २५ हजारांपर्यंत भरपाई मिळते आणि त्यासाठी सोडतानाचा फोटो किंवा व्हिडिओ लागतो. ती हलणारी क्लिप विचारून घ्या, वापरा, नाव द्या. फक्त चांगल्या शॉटसाठी कासव होडीवर थांबवून ठेवायला सांगू नका.

एडिट दहा मिनिटांच्या आत. फेस्टिव्हल नंतर, पहिला शो गावात, जूनमधल्या मासेमारी बंदीत, होड्या वर ओढलेल्या असतात आणि सगळे घरी सापडतात. देवळात चादर बांधून दाखवा. शेवटच्या पाटीवर भरपाईचा अर्ज कुठे करायचा ते मोठ्या अक्षरात, आणि व्हॉट्सअ‍ॅपसाठी दोन मिनिटांचा वेगळा कट त्याच रात्री ग्रुपवर.