कादंबरीची पटकथा करायचीय? आधी क्राबे वाचा

पटकथालेखनात येऊ पाहणारी मुलं हमखास विचारतात, "सर, कुठला कोर्स करू?" मी त्यांना डच कादंबरीकार टिम क्राबे वाचायला सांगतो. १९४३चा जन्म, गाव अ‍ॅमस्टरडॅम. तरुणपणी हा गडी नेदरलँड्सच्या आघाडीच्या बुद्धिबळपटूंत होता. तिशीच्या आसपास सायकल शर्यतींच्या नादी लागला आणि १९७८मध्ये त्यावरच 'द रेनर' ही कादंबरी लिहून मोकळा झाला. फ्रान्सच्या डोंगरातली एक शर्यत, एकच दिवस, आणि किलोमीटरच्या आकड्यांवर सरकणारी गोष्ट.

पण तुमच्या कामाची कादंबरी १९८४ची, 'सोन्याचं अंडं' अशा अर्थाच्या नावाची. जेमतेम शंभर पानं. सुट्टीला फ्रान्समध्ये निघालेलं जोडपं पेट्रोल पंपावर थांबतं आणि तिथून त्यातली तरुणी गायब होते. यावर जॉर्ज स्लाउझरने १९८८मध्ये 'स्पोरलोस' हा सिनेमा केला, पटकथेत क्राबे स्वतः होता.

इंग्रजी भाषांतर मिळतं. आधी ते वाचा, मग सिनेमा थांबवत थांबवत पाहा आणि वहीत प्रत्येक सीनपुढे एवढंच लिहा: या क्षणी प्रेक्षकाला काय ठाऊक आहे आणि नायकाला, म्हणजे मागे उरलेल्या तिच्या जोडीदाराला, काय? अपहरण करणारा आपल्याला लवकरच दिसतो, म्हणजे 'कोणी केलं' हा प्रश्न निकालात निघतो. उरतं ते 'तिचं झालं काय', आणि नायकाला तेच छळतंय. ती गायब झाल्यानंतरची पुस्तकातली आठ वर्षं सिनेमात तीन झालीत. का, ते तुम्हीच शोधा. माझ्या मते जखम ओली राहावी म्हणून.

अपहरण करणाऱ्या लेमॉर्नची रंगीत तालीम तर पुन्हा पुन्हा बघा. रसायनशास्त्राचा मास्तर, रिकाम्या सीटवर बाई बसलीय असं समजून गाडीत बसवतो, गुंगीचा रुमाल धरतो, घड्याळ बघतो आणि स्वतःचीच नाडी मोजतो! 'हा माणूस थंड डोक्याचा आहे' असं सांगणारा एकही संवाद नाही.

१९९३चा हॉलिवूड रिमेक सगळ्यात शेवटी पाहा. दिग्दर्शक तोच स्लाउझर, पटकथा दुसऱ्याची, शेवट गोडगोड केलेला. "एंड जरा पॉझिटिव्ह करू या" हे वाक्य निर्मात्याच्या केबिनमध्ये तुम्हालाही ऐकावं लागणारच, तेव्हा त्याने गोष्टीचं काय होतं ते आधीच बघून ठेवलेलं बरं.

मग एखादी मराठी दीर्घकथा घ्या, तिची अशीच वही करा. सहायक निवडताना मी तरी सर्टिफिकेट बघत नाही, ही वही मागतो.