आणीबाणीबद्दल विचारायचंय? आधी मागे राहिलेल्यांना विचारा

माझे सासरे आणीबाणीत मिसाखाली, म्हणजे खटल्याशिवाय डांबून ठेवायच्या कायद्याखाली, नाशिकरोडच्या तुरुंगात होते. त्यांनी त्या आठवणी हयातीत अनेकदा सांगितल्या. सासूबाईंना मात्र कुणी काही विचारलंच नाही. आता त्या ८४ वर्षांच्या आहेत. गेल्या पावसाळ्यात ठाण्याला नौपाड्यातल्या आमच्या घरी मी त्यांचं बोलणं रेकॉर्ड केलं, मग इमारतीतल्या आणखी तिघांचं. तुम्हीही करा, आणि लवकर करा.

"तेव्हा काय वाटायचं?" असं विचारू नका. "भीती वाटायची गं," एवढ्यावर विषय संपतो. रेडिओ कुठे असायचा, पोलीस आले तेव्हा दार कुणी उघडलं, घरात पैसे किती होते, असं विचारा. मी विचारलं, "आई, भेटायला जाताना डब्यात काय न्यायचात?" त्या अर्धा तास बोलल्या. शेंगदाण्याची चटणी, पहाटेची गाडी, कसारा घाटात मांडीवर झोपलेली माझी नणंद, कंपनीने थांबवलेला पगार, रात्री जागून शिवलेले ब्लाउज. मग उठून कपाटातून सासऱ्यांचं तुरुंगातून आलेलं एक पोस्टकार्ड आणलं. चार ओळींवर काळी शाई फिरवलेली. "इथे काय लिहिलं होतं ते त्यांना पुढे कधी आठवलंच नाही," म्हणाल्या. तेव्हा जुनी पत्रं, फोटो आधीच शोधून ठेवा.

तारखांचा गोंधळ होणारच. तिथल्या तिथे चूक काढू नका, माणूस गप्प होतो. खुणेने विचारा: २६ जून १९७५ ला सकाळी इंदिराबाई रेडिओवर बोलल्या तेव्हा कुठे होतात? दुर्गाबाई भागवतांच्या कऱ्हाडच्या साहित्य संमेलनाआधी की नंतर? ठाण्यात तर १९७७ ला रामभाऊ म्हाळगी खासदार झाले, ही खूण बहुतेकांना पटकन सापडते. स्वतः पाहिलेलं कोणतं आणि ऐकीव कोणतं, ते मात्र हळूच विचारून घ्या.

आपल्याला न पटणारंही टिपा. खालच्या मजल्यावरचे निवृत्त कारकून काका म्हणाले, "लोकल वेळेवर यायच्या, माणसं खुर्चीत दिसायची." मी वाद घातला नाही. वीस मिनिटांनी तेच नसबंदीसाठी माणसं आणायच्या सक्तीबद्दल बोलू लागले आणि मध्येच थांबले. तो थांबलेला वेळ मी कापलेला नाही.

फोन फ्लाइट मोडवर, पंखा बंद, एका बैठकीला पाऊण तास पुरे. "हे नाव नको," म्हणाले तर ते नाव गाळायचं, तिथे चर्चा नाही.

रेकॉर्डिंग संपलं तरी फोन जवळ असू द्या. सासूबाईंना दुसऱ्या दिवशी मेथी निवडताना आठवलं, की पोलिसांनी सासऱ्यांना चपला घालायलाही वेळ दिला नव्हता. ते सुटून येईपर्यंत तो जोड त्यांनी उंबऱ्यापाशी तसाच ठेवला होता.