टीव्हीवर पहिली मुलाखत: खान्देशातून जाणाऱ्या पाहुण्यांसाठी

वाहिनीचं बोलावणं कुणालाही येऊ शकतं: केळीचा बागायतदार, अहिराणी कवी, कानबाईची गाणी म्हणणारी बाई. होकार देण्याआधी तीन गोष्टी विचाराव्यात. थेट प्रक्षेपण आहे की रेकॉर्डिंग, कार्यक्रम किती मिनिटांचा, आणि सोबत पाहुणे किती. अर्ध्या तासात चार पाहुणे असतील, तर जाहिराती आणि मुलाखतकाराचं बोलणं वजा जाता एकेकाला पाच मिनिटंही जेमतेम मिळतात. तेवढ्यात तीनच मुद्दे बसतात.

नाव, गाव, तालुका, जिल्हा स्वतः देवनागरीत टाइप करून पाठवा. पडद्यावरची नावाची पट्टी त्यावरूनच बनते. फोनवर सांगितलं, की 'चोपडा' हे गाव आडनाव होऊन बसतं.

खरी तयारी उत्तरांची. रेकॉर्डिंगमध्ये संकलक बऱ्याचदा प्रश्न कापतो, म्हणून उत्तर प्रश्नाशिवाय कळलं पाहिजे. 'झाडं किती?' याला नुसतं 'चार हजार' म्हटलं तर ते वाया जातं. 'दीड बाय दीड मीटरवर केळी लावली, तर हेक्टरी ४,४४४ झाडं बसतात' हे वाक्य मात्र जसंच्या तसं वापरता येतं. आपल्याकडे बोलणं आजोबांपासून सुरू करायची सवय आहे आणि मुद्द्यावर येईपर्यंत वेळ संपतो. आधी निष्कर्ष, मग कारण, मग एक उदाहरण, असं तीस-चाळीस सेकंदांत. घरी मोबाईलवर रेकॉर्ड करून घड्याळ लावून ऐका.

अहिराणी मुळीच सोडू नका, अर्थ त्याच दमात जोडा: 'आंडेर, म्हणजे लेक'. शेतीच्या शब्दांचंही तसंच. 'कांदेबाग' ऐकून मुंबईचा प्रेक्षक कांदा समजतो, म्हणून 'कांदेबाग, म्हणजे पावसाळा सरताना लावलेली केळी' असं म्हणा.

कॉलर माईक हनुवटीखाली साधारण वीतभर लागतो. उपरणं, माळ किंवा कडक खळीची खादी त्याला घासली की खरखर येते आणि ती नंतर पूर्ण निघत नाही. बारीक चौकडीचं कापड पडद्यावर लहरतं, पांढऱ्याशुभ्र सदऱ्यात चेहरा काळवंडतो. मागे हिरवा पडदा असेल तर हिरवं वस्त्र टाळा. फोन बंदच ठेवा.

स्टुडिओत मुलाखतकाराकडे बघायचं, घरून व्हिडिओ कॉलवर बोलताना मात्र थेट लेन्सकडे. फोन आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, चेहरा खिडकीसमोर. मे महिन्यातही तेवढा वेळ पंखा बंद ठेवावा लागतो, माईक त्याचा आवाज ओढतो. वीज गेली की वायफायही जातं, म्हणून मोबाईल डेटा तयार ठेवा.

बोलताना आकडा चुकला तर रेकॉर्डिंगमध्ये थांबा, श्वास घ्या आणि वाक्य पहिल्या शब्दापासून पुन्हा म्हणा. अर्ध्यातून दुरुस्त केलेलं वाक्य जोडता येत नाही. थेट प्रक्षेपणात 'चुकलं, बरोबर आकडा असा' एवढं म्हणून लगेच पुढे जा.